संपादनाचा मोबदला आणि आपल्या घरातले दप्तर



शेतकी खात्याच्या माणसाने लागण, खोडवा आणि खताच्या मात्रा यांवर लिहावे अशी अपेक्षा असते, आणि ती रास्तच आहे. पण अलीकडे गटात फिरताना हुमणीबद्दल जितके प्रश्न विचारले जातात, जवळजवळ तितकेच "साहेब, आमच्या रानातून रस्ता निघालाय म्हणतात, किती पैसे बसतील?" असे विचारले जातात. केडगाव परिसराला तर हे नवीन नाही. एका बाजूने शहर वाढत आले, पुणे रस्त्याच्या कडेची राने प्लॉट झाली, नगरला वळसा घालणारा बाह्यवळण रस्ता झाला. मागे सुरत-चेन्नई महामार्गाच्या आखणीने राहुरीपासून नगर तालुक्यापर्यंत शेतकऱ्यांची झोप उडवली. आता 31 डिसेंबर 2025 रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने नाशिक-सोलापूर-अक्कलकोट हा 374 किलोमीटरचा सहापदरी मार्ग मंजूर केला असून तोही आपल्याच जिल्ह्यातून जायचा आहे. तेव्हा या प्रश्नावर चार शब्द लिहिणे भाग आहे. मी वकील नव्हे. पण उसाच्या नोंदी ठेवणे हा माझा धंदा आहे, आणि मोबदल्याचा अर्धा झगडा नोंदींचाच असतो.

आपला समज असा की मोबदल्याचा आकडा प्रांत कचेरीत बसतो. आकडा तिथे लिहिला जातो हे खरे. पण तो कशावरून लिहितात, तर गेल्या काही वर्षांत आपण आणि आपल्या शेजाऱ्यांनी जे कागद केले, किंवा करायचे राहिले, त्यावरून. नोटीस आल्यावर धावपळ करणारा माणूस तोपर्यंत निम्मी बाजी हरलेला असतो, असे माझे स्पष्ट मत आहे.

आधी कायदा काय देतो ते पाहू. 1894 चा इंग्रजांचा भूसंपादन कायदा आपल्या आजोबा-पणजोबांनी सोसला. 1921 साली मुळशीच्या मावळ्यांनी सेनापती बापटांच्या बरोबरीने टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला तो याच कायद्याच्या अमलात. नाथसागरात नेवासा-शेवगावची राने बुडाली तीही याच कायद्याखाली. त्या कायद्यात बाजारभावावर दिलासा रक्कम म्हणून 15 टक्के मिळत. 1984 च्या दुरुस्तीने ती 30 टक्के झाली. 1978 च्या घटनादुरुस्तीनंतर मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतून गेला, पण हक्क संपला असे नव्हे. कलम 300-अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही. हिमाचल प्रदेशातील एका निरक्षर विधवेची जमीन 1967-68 मध्ये रस्त्यासाठी घेतली आणि पैसे दिलेच नाहीत. इतक्या वर्षांचा ताबा आहे, म्हणून जमीन आमचीच झाली, असे सरकारने कोर्टात सांगितले. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते धुडकावून बाईंना मोबदला देण्यास सांगितले. अर्धे शतक गेले, तरी हक्क मेला नव्हता.

1 जानेवारी 2014 पासून नवा कायदा अमलात आला, तो 2013 चा उचित भरपाईचा कायदा. त्यात हिशोब असा. प्रथम जमिनीचे बाजारमूल्य. त्याला गुणक लावायचा; शहरी हद्दीत गुणक 1, ग्रामीण भागात अंतराप्रमाणे 1 ते 2. त्यात विहीर, पाइपलाइन, घर, झाडे यांची किंमत मिळवायची. जी बेरीज होईल तितकीच दिलासा रक्कम आणखी, म्हणजे शंभर टक्के. शिवाय अधिसूचनेपासून निवाडा किंवा ताबा, जे आधी होईल तोवर, बाजारमूल्यावर वर्षाला 12 टक्के.

उदाहरण घ्या. एकराचे बाजारमूल्य 20 लाख धरले. गुणक 2 असेल तर 40 लाख, त्यावर दिलासा 40 लाख, एकूण 80. गुणक 1 असेल तर 20 आणि 20, म्हणजे 40. रान तेच, माती तीच, ऊस तोच. एका आकड्याने निम्मे पैसे गेले. आता केडगावचे पाहा. नगरची महानगरपालिका 2003 साली झाली, आणि केडगाव पालिकेच्या हद्दीत आहे. नेप्ती, अरणगावची ग्रामीण राने हद्दीबाहेर. दोन चुलतभावांचे रान हद्दीच्या अलीकडे-पलीकडे असेल तर गुणकही वेगळा लागू शकतो. हद्दीतल्या भावाचे बाजारमूल्य जास्त असते, त्यामुळे एकूण गणित जुळते, असा त्यामागचा विचार. पण ते जास्तीचे मूल्य कागदावर दिसले तर ना! जमीन पालिकेत, दर मात्र आडरानाचा, अशी गत झाली तर दोन्हीकडून मार बसतो.

इथे सरकारलाही एक गोष्ट ऐकवली पाहिजे. महाराष्ट्रात 2021 साली राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांसाठी ग्रामीण भागातला गुणक 2 वरून 1 वर आणला गेला. धरणासाठी जमीन देणारा शेतकरी आणि रस्त्यासाठी देणारा शेतकरी यांच्या पोटात असा काय फरक आहे? रस्ता झाल्यावर उरलेल्या जमिनीला भाव येतो असे सांगतात. ज्याचे सगळेच रान रस्त्याखाली गेले त्याला उरलेल्या जमिनीचा भाव कोणी दाखवायचा? समृद्धी महामार्गाच्या वेळी कोपरगाव-राहाता भागात थेट खरेदीत पाचपटीपर्यंतचे भाव लोकांनी पाहिले. त्यानंतर दुपटीची भाषा ऐकली की माणूस पेटतो, त्यात नवल नाही. आपल्या प्रकरणात कोणता गुणक धरला आणि कोणत्या आदेशाने, हे ज्याने-त्याने लेखी मागून घ्यावे.

आता आपल्या स्वतःच्या दाराकडे येऊ. बाजारमूल्य ठरवताना एकीकडे सरकारी दरतक्ता, ज्याला आपण रेडी रेकनर म्हणतो, आणि दुसरीकडे त्या भागातल्या तशाच जमिनींची मागील तीन वर्षांची खरेदीखते, यांत जे जास्त ते धरायचे असते. खरेदीखतांतूनही वरच्या किमतीची निम्मी खते घेऊन त्यांची सरासरी काढायची. कायदा करणाऱ्याने शेतकऱ्याला झुकते माप द्यावे म्हणूनच हे लिहिले आहे. आणि आपण काय करतो? एकर 30 लाखांना विकला जातो, खतावर मात्र दरतक्त्यापुरती रक्कम चढते. मुद्रांक वाचतो, बाकीचे हातात. गावातले दहाच्या दहा व्यवहार असे झाले की वरचे निम्मे निवडा नाहीतर खालचे, सरासरी दरतक्त्यावरच येऊन बसते. मग आपण प्रांतांच्या दारात मोर्चा नेतो की बाजारभाव 30 लाख आहे. साहेब विचारतात, कागद दाखवा. कागद आपणच खोटा केलेला.

हे लिहिले म्हणून काही मंडळींना राग येईल, येऊ द्या. खतावर कमी रक्कम टाकणारा स्वतःचे चार पैसे वाचवतो आणि शिवेवरच्या सगळ्या शेजाऱ्यांचा भाव पाडतो. बांध कोरणारा निदान एकाच शेजाऱ्याचे नुकसान करतो.

याचाच दुसरा प्रकार झाडांचा. मोजणीचे खुंट दिसले की रातोरात शेवगा, साग, आंबा यांची रोपे हातभर अंतरावर उभी राहतात. पाहणीला येणारे अधिकारी काही दुधखुळे नसतात. त्यांना संशय आला की ज्याची दहा वर्षांची खरी डाळिंबाची बाग आहे त्याच्याही झाडांकडे ते त्याच नजरेने पाहतात. मला यात शहाणपणा दिसत नाही.

आता माझ्या खात्याचा विषय, आणि इथे जरा सविस्तर लिहितो. सात-बारावरचा पीकपेरा पाहा. पुष्कळ सभासदांच्या रानात पंधरा-वीस वर्षे सलग ऊस आहे, कारखान्याला दरसाल टनेज येते, आणि उताऱ्यावर मात्र बाजरी, गवतपड, नाहीतर काहीच नाही. पूर्वी तलाठ्याने चावडीत बसून पीकपाहणी उरकली असे म्हणायला जागा होती. 2021 पासून ई-पीक पाहणी आली आणि नोंद करणे बरेचसे आपल्या हातात आले. तरी मोबाईल पोराकडे, पोरगा पुण्याला, पाहणीची मुदत संपते, उतारा कोराच. विहिरीचेही तेच. विहीर वडिलांनी खणली, बोअर आपण घेतले, गाव नमुना बारावर जलसिंचनाच्या रकान्यात एकाचीही नोंद नाही. मग बारमाही बागायत जमीन जिरायत म्हणून धरली जाते आणि विहिरीचे मूल्यांकन करायचे राहून जाते. वर सांगितलेला हिशोब आठवा. विहीर 3 लाखांची असेल आणि सुटली, तर त्यावरची दिलासा रक्कमही सुटली. तोटा 6 लाखांचा झाला.

अशा वेळी उसाची नोंद कामाला येते. शेतकी खात्याच्या नोंदवहीत गट नंबर, क्षेत्र, लागणीची तारीख, हंगाम आडसाली की पूर्वहंगामी की सुरू, खोडवा असल्यास कितवा, जात को 86032 की फुले 265, हे सगळे असते. गाळपाच्या वजन पावत्या असतात. उसाचे पैसे बँकेत जमा झाल्याचा उतारा असतो. रान बागायत आहे, ऊस उभा होता, एकरी उतारा इतका पडतो, हे सांगणारा इतका सलग पुरावा फार थोड्या पिकांना असतो. त्याच्या जोडीला पाटपाण्याच्या पावत्या, मोटारीचे वीज बिल, ठिबकच्या अनुदानाची कागदपत्रे ठेवावीत. कायद्याप्रमाणे उभ्या पिकाचे मूल्यांकन करताना कृषी तज्ज्ञांची मदत घेता येते, आणि ताबा घेतेवेळी उभे पीक गेले तर त्याचे नुकसान वेगळे धरायचे असते. सतरा महिन्यांची आडसाली आणि तीन महिन्यांचा खोडवा यांत किती फरक आहे ते तुम्हाला सांगायला नको, पण पंचनाम्यात नुसते "ऊस, 40 आर" असे लिहिले तर तो फरक कोणाला कळणार? लागणीची तारीख पंचनाम्यात घालून घ्यावी.

संयुक्त मोजणीला भूमी अभिलेख, बांधकाम, कृषी अशी खात्यांची माणसे येतात. त्या दिवशी घरातल्या जाणत्या माणसाने रानात हजर राहावे. लग्न असले तरी. जमिनीखालची पाइपलाइन कुठून जाते, एअर व्हॉल्व्ह कुठे, गोठा, शेततळे, बांधावरची झाडे, हे आपण दाखवल्याशिवाय त्यांना दिसत नाही. कोऱ्या किंवा पेन्सिलने भरलेल्या तक्त्यावर सही करू नये. काही सुटले असेल तर सहीजवळच तसे लिहावे आणि प्रत मागावी. रस्ता मधून गेल्याने रान दोन तुकड्यांत पडत असेल, विहीर एकीकडे आणि भिजणारे रान दुसरीकडे राहत असेल, तर त्या नुकसानीची मागणीही लेखी करावी. जमीन तुटल्याचे नुकसान कायद्याने धरायचे असते. तोंडी सांगितलेले निवाड्यात येत नाही.

पुष्कळांना कोणीतरी सांगितलेले असते की बारमाही बागायत जमीन घेताच येत नाही. कलम 10 मध्ये ओलिताची बहुपीक जमीन शेवटचा उपाय म्हणूनच घ्यावी असे आहे खरे. पण रस्ते, रेल्वे, कालवे असे लांबलचक पट्ट्याचे प्रकल्प त्यातून वगळलेले आहेत. त्या भरवशावर हरकत न घेता बसू नये.

हरकतीच्या आणि दाव्याच्या मुदतींनी आजवर अनेकांना बुडवले आहे. नव्या कायद्याखाली प्राथमिक अधिसूचनेवर 60 दिवसांत हरकत घेता येते. राष्ट्रीय महामार्ग असेल तर 1956 च्या महामार्ग कायद्याप्रमाणे फक्त 21 दिवस. एवढ्यात ऊसतोडीची एक पाळीही नीट होत नाही. निवाडा पटला नाही तर 2013 च्या कायद्याखाली प्राधिकरणाकडे प्रकरण पाठवण्याचा अर्ज करावा लागतो. निवाड्याच्या वेळी आपण हजर असलो तर मुदत सहा आठवडे. हजर नसलो तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांत जे आधी संपेल ते. महामार्गाच्या प्रकरणात लवादाकडे जायचे असते. महामार्गवाल्यांना पूर्वी दिलासा रक्कम आणि व्याज मिळत नसे. 1 जानेवारी 2015 पासून नव्या कायद्याप्रमाणे भरपाई त्यांनाही लागू झाली. त्याआधीच्या जुन्या प्रकरणांतही हा भेद घटनाबाह्य असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये ठरवले, आणि तो निकाल मागील प्रकरणांनाही लागू असल्याचे 2025 मध्ये स्पष्ट केले. ज्यांच्या जमिनी जुन्या रस्त्यात गेल्या आणि प्रकरण अजून चालू आहे, त्यांनी हे आपल्या वकिलाच्या कानावर जरूर घालावे.

चेक घेताना एक शब्द महत्त्वाचा. 2013 च्या कायद्याप्रमाणे रक्कम "हरकत राखून" घेतली, असे लिहून दिले तरच वाढीव मोबदल्यासाठी अर्ज करता येतो. मुकाट्याने घेतली तर तो दरवाजा बंद. पैसे घेतले म्हणजे भांडता येत नाही, अशी आपल्याकडे समजूत आहे, त्यामुळे काही लोक दोन-दोन वर्षे चेक उचलतच नाहीत आणि सोसायटीचे व्याज भरत राहतात. तसे करायची गरज नाही. पैसे घ्या, हरकत राखून घ्या.

आणि ज्या शेजाऱ्याने अर्जच केला नव्हता त्यालाही एक संधी आहे. त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या एखाद्याला प्राधिकरणाने वाढीव भरपाई दिली, तर त्या निकालापासून तीन महिन्यांच्या आत कलम 73 खाली त्यालाही तसाच दर मागता येतो. म्हणून एकाने लढताना गटातल्या बाकीच्यांना निकालाची तारीख सांगत राहिले पाहिजे. आपल्याकडे मात्र निकाल लागला की तो उशाखाली घालून झोपायची रीत.

नवीन कायद्याखालच्या निवाड्याच्या रकमेवर कलम 96 प्रमाणे प्राप्तिकर नाही, आणि केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने 2016 मध्ये तसे परिपत्रकही काढले होते. टक्केवारीवर "काम करून देतो" म्हणणारे लोक या कराची भीती घालून कोऱ्या मुद्रांकावर सह्या घेतात. त्यांना उंबऱ्याच्या आत घेऊ नये. स्त्रियांना तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून, उत्पन्न कितीही असो, वकिलाची मदत फुकट मिळते.

केडगावच्या हद्दीतल्या सभासदांसाठी आणखी एक गोष्ट. शहराच्या विकास आराखड्यात रानावर रस्त्याचे, बागेचे, शाळेचे आरक्षण पडते आणि मग ना पालिका जमीन घेते, ना आपल्याला काही करता येते. 1966 च्या नगररचना कायद्यातील कलम 127 प्रमाणे आराखडा अंतिम होऊन दहा वर्षांत जमीन घेतली नाही, तर मालकाला नोटीस देता येते. 2015 च्या दुरुस्तीप्रमाणे त्यानंतर 24 महिन्यांत संपादन झाले नाही तर आरक्षण संपते. ही नोटीस मालकानेच द्यावी लागते.

घरातले भांडण हा शेवटचा आणि सगळ्यांत महागाचा भाग. उताऱ्यावर अजून वारलेल्या आजोबांचे नाव, नाहीतर थोरल्याच्या नावापुढे "एकत्र कुटुंब पुढारी", बहिणींची वारस नोंद नाही. वाटणीचा वाद निघाला की रक्कम प्राधिकरणाकडे जमा होते आणि वर्षानुवर्षे तिथेच पडून राहते. जमीन गेलेली, पैसे अडकलेले, भाऊ बोलत नाहीत. बहिणीचा हक्क कायद्याने आहे, तो आधीच मान्य करून वारस नोंद लावावी. मोबदल्याच्या वेळी तिची सही मागायला जाणे शोभत नाही.

माझी संचालक मंडळाला एक सूचना आहे आणि ती वार्षिक सभेतही मांडावी अशी सभासदांना विनंती आहे. संपादनात सापडलेल्या सभासदाला मागील पाच हंगामांच्या ऊस नोंदीचा आणि टनेजचा सही-शिक्क्याचा उतारा कारखान्याने विनाशुल्क, अर्ज आल्यापासून आठ दिवसांत द्यावा. मोजणीच्या दिवशी त्या गटाचा शेतकी मदतनीस रानात हजर राहावा. याला खर्च जवळजवळ नाही.

मात्र उतारा कामाचा ठरायचा असेल तर मूळ नोंद खरी पाहिजे. सोयीसाठी चार भावांचा ऊस एकाच भावाच्या नावावर नोंदवायची पद्धत आपल्याकडे सर्रास आहे. तोडणी लवकर मिळते, बिल एका खात्यावर येते. उद्या रस्ता ज्याच्या हिश्श्यातून गेला त्याच्या नावावर कारखान्याच्या दप्तरात एक टनही सापडत नाही. यंदाच्या लागणीची नोंद देताना प्रत्येकाने आपापल्या नावावर, गट नंबरासोबत पोटहिस्सा आणि विहीर-बोअरचा तपशील सांगून द्यावी. चिटबॉय घाईत असला तरी त्याला थांबवून हे लिहून घ्यायला लावावे, आणि स्लिप घरी नेऊन सात-बाराच्या फाईलला लावून ठेवावी.